कात्री, कान आणि पापणी

चित्रपट पाहून घरी येताना आपण नटांविषयी बोलतो, गाण्यांविषयी बोलतो, फार तर दिग्दर्शकाचे नाव घेतो. संकलकाचे नाव सहसा कोणी घेत नाही. त्याचे काम चांगले झाले असेल तर ते दिसतच नाही. मराठीत आपण त्याला संकलक म्हणतो. संकलन म्हणजे गोळा करणे. प्रत्यक्षात त्याचा बहुतेक वेळ गोळा झालेल्यातले काय टाकून द्यायचे हे ठरवण्यात जातो.

असे ठरवताना तो कोणत्या आधारावर ठरवतो? केवळ आवडीनिवडीवर, की त्यात काही नियम सापडतात? असे नियम शोधण्याचा, ते लिहून ठेवण्याचा आणि स्वतःवरच तपासून पाहण्याचा उद्योग अमेरिकेतील एका संकलकाने अर्धशतकाहून अधिक काळ केला. त्यांचे नाव वॉल्टर मर्च. त्यांची कारकीर्द पाहिली तर चित्रपटाचे तंत्र कसे बदलत गेले याचा इतिहास तर कळतोच, शिवाय आपले डोळे आणि कान कसे काम करतात याविषयीही बरेच काही हाती लागते.

आधी थोडे गणित

मर्च यांच्या कामाचा आवाका लक्षात यावा म्हणून एक साधा हिशेब करू या. ३५ मिलिमीटर रुंदीच्या फिल्मवर एका फुटात १६ चित्रे बसतात. पडद्यावर सेकंदाला २४ चित्रे सरकतात. म्हणजे सेकंदाला दीड फूट आणि मिनिटाला ९० फूट फिल्म लागते. व्हिएतनाम युद्धावरील ‘अपोकॅलिप्स नाऊ’ (१९७९) या फ्रान्सिस फोर्ड कपोला यांच्या चित्रपटासाठी सुमारे साडेबारा लाख फूट फिल्म चित्रित झाली होती. भागाकार केला तर हे सुमारे २३१ तास होतात. प्रदर्शित झालेला चित्रपट होता दोन तास पंचवीस मिनिटांचा. प्रेक्षकाने पाहिलेल्या प्रत्येक मिनिटामागे सुमारे ९५ मिनिटे बाजूला ठेवावी लागली. या चित्रपटावर मर्च यांच्यासह अनेक संकलक काम करत होते. नंतर मर्च यांनीच हिशेब मांडला तेव्हा असे दिसले, की दर संकलकामागे दिवसाला सरासरी दीड ‘कट’सुद्धा पडलेला नव्हता. एका तुकड्याला दुसरा जोडण्याचे काम काही सेकंदांचे. मग दिवस कशात गेला? जोडून पाहणे, मोडणे, पुन्हा वेगळे जोडणे यात.

पर्याय किती असतात याचेही गणित मर्च यांनी आपल्या पुस्तकात दिले आहे. समजा, एका प्रसंगाचे तीनच तुकडे आहेत. प्रत्येक तुकडा एकदाच आणि अखंड वापरायचा, पण सगळे वापरलेच पाहिजेत असे नाही. एकच तुकडा वापरण्याचे ३ प्रकार, दोन वापरण्याचे ६ आणि तिन्ही वापरण्याचे ६, असे एकूण १५ प्रकार होतात. पाच तुकडे असतील तर ३२५. दहा असतील तर सुमारे ९८ लाख ६४ हजार. पंचवीस तुकडे असतील तर ही संख्या ४२ वर चोवीस शून्ये एवढी होते. अकरावी-बारावीच्या विद्यार्थ्यांना क्रमचय शिकवताना हे उदाहरण जरूर द्यावे. तुकड्यांच्या संख्येच्या क्रमगुणिताला ‘ई’ या संख्येने (२.७१८...) गुणून, येणाऱ्या पूर्णांकातून एक वजा केला की हे उत्तर मिळते. असे का, हे विद्यार्थ्यांनाच शोधू द्यावे.

यातून एक गोष्ट उघड होते. सर्व शक्यता तपासून सर्वोत्तम निवडणे कोणाही माणसाला शक्य नाही. संकलकाला अंदाजाने वाट काढावी लागते, आणि आपला अंदाज कितपत भरवशाचा आहे हे तपासण्याचीही काही सोय त्याला हवी असते.

फितीचे तुकडे जोडणारा मुलगा

मर्च यांचा जन्म १२ जुलै १९४३ रोजी न्यूयॉर्क शहरात झाला. वडील चित्रकार होते. वयाच्या दहाव्या-अकराव्या वर्षी त्यांची गाठ टेपरेकॉर्डरशी पडली. त्या काळी हे यंत्र नवलाचेच होते. मुलगा खिडकीबाहेर मायक्रोफोन धरून शहराचे आवाज टिपत असे, मग ती फीत कापून, तुकडे उलटसुलट जोडून पुन्हा ऐकत असे. फ्रान्समध्ये पिएर शेफर हे संगीतकार याच सुमारास आगगाडी, भांडी, दारे यांचे मुद्रित आवाज कापून-जोडून संगीत रचत होते. ते ऐकायला मिळाले तेव्हा आपल्या खेळाला मोठी माणसे गांभीर्याने घेतात, हे त्या मुलाला समजले.

पुढे बाल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात त्यांनी कलेचा इतिहास आणि युरोपीय भाषा यांचा अभ्यास केला. नंतर लॉस एंजेलिसच्या सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठात ते चित्रपटाचे शिक्षण घेऊ लागले. तेथे जॉर्ज ल्यूकस त्यांच्याबरोबर होते. १९६९ साली ही तरुण मंडळी कपोला यांच्यासह सॅन फ्रान्सिस्कोला गेली आणि तेथे ‘अमेरिकन झोएट्रोप’ ही संस्था उभी राहिली. हॉलिवुडच्या मोठ्या स्टुडिओत चित्र जोडणारे वेगळे, आवाज जोडणारे वेगळे आणि आवाजांचे मिश्रण करणारे आणखी वेगळे, अशी कामांची विभागणी होती. या लहानशा संस्थेत मात्र एकाच माणसाला हे सारे करता येत होते. मर्च यांच्या पुढच्या कारकिर्दीचे बीज येथेच पडले.

अडीचचा नियम

ल्यूकस यांच्या ‘टीएचएक्स ११३८’ (१९७१) या चित्रपटात यंत्रमानव पोलीस चालताना दिसतात. त्यांच्या पावलांचे आवाज चित्राशी जुळवण्याचे काम मर्च यांच्याकडे होते. एक पोलीस चालत असेल तर प्रत्येक पाऊल नेमके जुळावे लागते. दोघे असतील तरी दोघांचीही पावले जुळावी लागतात. पण तिघे चालत असतील तर? तेव्हा त्यांच्या लक्षात आले, की तीन जणांच्या पावलांचे मुद्रण कोठूनही सुरू केले तरी ते जुळलेलेच वाटते. दोनपर्यंत कान एकेक मोजतो. तीन झाले की तो मोजणे सोडतो आणि ‘पुष्कळ’ एवढेच ऐकतो. एकेक झाडाऐवजी झाडी दिसू लागावी तसे हे होते. मर्च यांनी गमतीने याला ‘अडीचचा नियम’ असे नाव दिले. पुढे अनेक आवाज एकत्र करताना त्यांनी हा नियम सतत वापरला.

हा प्रयोग वर्गात करण्यासारखा आहे. विद्यार्थ्यांना डोळे मिटून बसवावे. मागच्या बाकांवर एक, दोन, तीन किंवा चार मुलांनी आपापल्या गतीने टिचक्या वाजवाव्यात. किती जण वाजवत आहेत हे इतरांनी कागदावर लिहावे. काय उत्तर अपेक्षित आहे हे मात्र आधी सांगू नये. दहा-बारा फेऱ्यांच्या नोंदींचा तक्ता केला, तर कोणत्या संख्येपासून चुका वाढतात ते दिसेल. मर्च यांचा नियम आपल्या वर्गाला लागू पडतो की नाही, ते तक्ताच सांगेल.

आवाजाच्या बाबतीत मर्च यांची दुसरी जाण अशी, की दिसणाऱ्या गोष्टीचाच आवाज ऐकू आला पाहिजे असे नाही. ‘द गॉडफादर’ (१९७२) मध्ये नायक उपाहारगृहात दोघांना गोळ्या घालतो, त्याआधी रुळांवर घासणाऱ्या गाडीचा कर्कश आवाज वाढत जातो. गाडी पडद्यावर कोठेच नाही. आपण तो आवाज त्याच्या मनातली घालमेल म्हणून ऐकतो. ‘अपोकॅलिप्स नाऊ’मध्ये हेलिकॉप्टरच्या पात्यांचा आवाज चित्रपटगृहाभोवती फिरतो. मुख्य ध्वनिवर्धक पडद्यामागे, प्रेक्षकांच्या मागे दोन्ही बाजूंना वेगळे, आणि खर्जातल्या आवाजासाठी आणखी वेगळी सोय, अशी मांडणी तेथे केलेली होती. आज ‘फाइव्ह पॉइंट वन’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या पद्धतीचे मूळ याच मांडणीत आहे. या कामासाठी मर्च यांना ध्वनीचे ऑस्कर मिळाले.

पापणी आणि कट

‘द कॉन्व्हर्सेशन’ (१९७४) हा मर्च यांनी संकलित केलेला पहिला मोठा चित्रपट. त्याचा नायक दुसऱ्यांची संभाषणे चोरून मुद्रित करण्याचा व्यवसाय करतो. एका जोडप्याचे एक वाक्य तो पुन्हा पुन्हा ऐकतो. चित्रपटाच्या शेवटी त्याच वाक्यातील वेगळ्या शब्दावर जोर ऐकू येतो आणि साराच अर्थ उलटतो. ‘मी असे म्हटले नाही’ हे साधे वाक्य प्रत्येक वेळी वेगळ्या शब्दावर जोर देऊन म्हणून पाहावे, म्हणजे ही किमया कळेल.

कट कोठे करायचा, हे ठरवण्याची मर्च यांची रीत अशी: ते तुकडा त्याच्या नैसर्गिक गतीने पाहतात आणि ‘आता’ असे वाटताच यंत्र थांबवतात. ते चित्र कितवे आहे याची नोंद करतात. मग मागे जाऊन तोच तुकडा पुन्हा पाहतात आणि पुन्हा थांबवतात. दोन्ही वेळा नेमके तेच चित्र आले, तर तो कट बरोबर समजायचा. तेच चित्र येणे म्हणजे सेकंदाच्या चोविसाव्या भागाइतकी अचूकता. निरनिराळी उत्तरे येऊ लागली, तर आपल्याला हा प्रसंग अजून समजलेला नाही असे मानून ते विचार बदलतात. प्रयोगशाळेत एकच मापन पुन्हा पुन्हा घेऊन त्याचा भरवसा ठरवतात. येथे मापनाचे यंत्र म्हणजे संकलकाचे स्वतःचे मन आहे, एवढाच फरक.

याच चित्रपटाच्या वेळी त्यांना एक विचित्र गोष्ट जाणवली. त्यांनी निवडलेला कट बहुधा नायकाची भूमिका करणारे जीन हॅकमन जेथे पापणी लववतात त्याच्या अगदी जवळ येत होता. त्याच सुमारास दिग्दर्शक जॉन ह्यूस्टन यांची मुलाखत त्यांच्या वाचनात आली. नजर एका वस्तूवरून दुसरीवर नेताना आपण पापणी मिटतो, म्हणजे मधला भाग आपण स्वतःच कापतो, अशा अर्थाचे ह्यूस्टन यांचे म्हणणे होते. यावरून मर्च यांनी अंदाज बांधला, की एक विचार संपून दुसरा सुरू होतो तेथे पापणी लवते आणि चांगला कटही तेथेच असतो. १९८८ साली सिडनीत दिलेल्या व्याख्यानात आणि त्यावरून तयार झालेल्या ‘इन द ब्लिंक ऑफ ॲन आय’ या पुस्तकात त्यांनी तो मांडला.

हा अंदाज खरा की केवळ सुंदर? डोळा ओला ठेवण्यासाठी जितक्या वेळा पापणी लववणे आवश्यक आहे, त्यापेक्षा माणूस ती पुष्कळ अधिक वेळा लववतो, हे शास्त्रज्ञांना ठाऊक होते. २००९ साली जपानमधील संशोधकांनी काही लोकांना एकच विनोदी चित्रफीत दाखवून त्यांच्या पापण्यांची नोंद केली. गोष्टीतील एखादी कृती संपली, किंवा मुख्य पात्र पडद्यावर नसले, की वेगवेगळ्या माणसांच्या पापण्या जवळपास एकाच वेळी लवत होत्या. नुसती निसर्गदृश्ये दाखवली तेव्हा असा मेळ दिसला नाही. म्हणजे पापणी लक्षाच्या चढउतारांशी बांधलेली आहे, एवढे तरी मर्च यांच्या बाजूने झाले.

पण गोष्ट येथेच संपत नाही. २०१० साली तुर्कस्तानातील डोंगराळ भागात, ज्यांनी चित्रपट कधीच पाहिलेला नव्हता अशा प्रौढांना छोट्या फिती दाखवून एक अभ्यास प्रसिद्ध झाला. ओळखीचे, रोजचे एखादे काम सलग चाललेले असेल, तर मधले कट त्यांना समजले. असा धागा नसेल तेव्हा ते गोंधळले, मग तो कट नजरेच्या नैसर्गिक हालचालीशी कितीही मिळताजुळता असो. डोळ्याशी साम्य असल्यामुळेच कट खपतो, असे सरसकट म्हणता येत नाही. प्रेक्षकाने धरून ठेवलेला गोष्टीचा धागा अधिक महत्त्वाचा ठरतो. मर्च यांनी कटाच्या कसोट्यांना गुण दिले आहेत. त्यात भावनेला शंभरापैकी ५१, कथेला २३, लयीला १० आणि अवकाशातील जागेच्या अचूकपणाला सर्वांत कमी, म्हणजे ४ गुण आहेत. हे आकडे मोजून काढलेले नाहीत, कारागिराच्या अनुभवाचा तो सारांश आहे. तरीही त्यांचा क्रम आणि तुर्कस्तानातील निष्कर्ष एकाच दिशेला बोट दाखवतात.

यंत्र बदलले, मग काय बदलले?

फिल्मच्या काळात मर्च ‘केईएम’ या जर्मन टेबलावर काम करीत. सर्व तुकडे दहा-दहा मिनिटांच्या गुंडाळ्यांत जोडून ठेवलेले असत. हवा असलेला तुकडा गुंडाळीच्या शेवटी असला, तर आधीची सारी फिल्म वेगाने पुढे सरकवत जावे लागे. वेळ जाई, पण जाता जाता नको म्हणून सोडलेले तुकडे पुन्हा डोळ्यांखालून जात आणि मागितलेल्यापेक्षा चांगले काहीतरी सापडे.

‘द इंग्लिश पेशंट’ (१९९६) चे संकलन त्यांनी फिल्मवरच सुरू केले होते. मध्येच घरच्या अडचणीमुळे घरी राहून काम करणे भाग पडले, तेव्हा त्यांनी संगणकावरील ‘ॲव्हिड’ ही प्रणाली घेतली. १९९७ सालच्या समारंभात या चित्रपटासाठी त्यांना संकलन आणि ध्वनी अशी दोन्ही ऑस्कर मिळाली. संगणकावर संकलित झालेल्या चित्रपटाला संकलनाचे ऑस्कर मिळण्याची ही पहिलीच वेळ. पुढे ‘कोल्ड माउंटन’ (२००३) त्यांनी ‘फायनल कट प्रो’ या, दुकानात मिळणाऱ्या आणि तुलनेने स्वस्त प्रणालीवर केला.

संगणक नाव सांगताच तुकडा समोर आणतो. मात्र मागितलेले तेवढेच देतो, आणि मागायचे काय हे आपल्याला आधीच माहीत असावे लागते. हा तोटा मर्च यांनी ओळखला. त्यावर त्यांनी उपायही केले. सर्व चित्रण नोंदी घेत पूर्ण पाहायचे, प्रत्येक मांडणीतील एक-दोन छायाचित्रे काढून भिंतीवर लावायची, म्हणजे न मागितलेलेही नजरेस पडत राहते. लहान पडद्यावर काम करताना मोठ्या पडद्याचा विसर पडू नये म्हणून ते कागदाच्या छोट्या माणसांच्या आकृती पडद्याखाली चिकटवतात. संकलन ते उभे राहून करतात. वाचनालयात फळीवरचे एक पुस्तक शोधताना शेजारचे दुसरे हाती लागते, हा अनुभव आपल्यापैकी अनेकांनी घेतलेला आहे. शोधयंत्रावर माहिती मिळवणाऱ्या विद्यार्थ्यांसाठी अशी ‘शेजारची फळी’ कशी राखायची, हा प्रश्न शिक्षकांचाही आहे.

जुन्याची जुळणी, नव्याची गोष्ट

मर्च यांच्या कामाचा एक भाग इतिहाससंशोधनाचा आहे. ओरसन वेल्स यांच्या ‘टच ऑफ ईव्हिल’ (१९५८) मध्ये स्टुडिओने परस्पर फेरफार केले होते. त्यावर वेल्स यांनी लिहिलेल्या ५८ पानी टिपणावरून १९९८ साली मर्च यांनी त्याचे पुन्हा संकलन केले. एडिसनच्या प्रयोगशाळेत विल्यम डिक्सन यांनी १८९४-९५ च्या सुमारास व्हायोलिन वाजवताना स्वतःचे चलत्चित्र आणि आवाज दोन्ही टिपले होते. चित्र सुमारे १७ सेकंदांचे होते. आवाजाची नळी वेगळी राहिली होती, भंगलेली होती आणि तिच्यावरचे मुद्रण चित्रापेक्षा बरेच लांब होते. नळी दुरुस्त झाल्यावर, आवाजाचा कोणता भाग व्हायोलिनच्या गजाच्या हालचालीशी जुळतो हे २००० साली मर्च यांनी शोधून काढले. शंभराहून अधिक वर्षांनी चित्र आणि ध्वनी प्रथमच जुळले.

२०१२ साली त्यांनी ‘हेमिंग्वे अँड गेलहॉर्न’ या दूरचित्रवाणीपटाचे संकलन केले. त्यात खऱ्या जुन्या वार्तापटांत नटांची दृश्ये मिसळली आहेत. पाठोपाठ २०१३ साली आला ‘पार्टिकल फीव्हर’. जिनिव्हाजवळील महाकाय कणत्वरकावर हिग्ज कणाचा शोध लागला, त्याची ही कहाणी. दिग्दर्शक मार्क लेव्हिन्सन स्वतः भौतिकशास्त्र शिकलेले. सप्टेंबर २००८ मध्ये पहिली कणशलाका फिरली. नऊ दिवसांत अपघात होऊन यंत्र बंद पडले. ४ जुलै २०१२ रोजी शोध जाहीर झाला. समीकरणे न मांडता प्रेक्षकाला उत्कंठा कशी वाटावी? चित्रपटाने दोन आकडे निवडले. हिग्ज कणाचे वस्तुमान ११५ च्या आसपास निघाले तर एका सिद्धान्ताला बळ, १४० च्या आसपास निघाले तर दुसऱ्याला. उत्तर आले सुमारे १२५, दोहोंच्या मधोमध. ज्या शास्त्रज्ञांनी उभे आयुष्य एका बाजूला लावले होते, त्यांचे चेहरे त्या क्षणी पाहण्यासारखे आहेत.

संकलकाची जबाबदारी येथे सर्वांत जास्त जाणवते. इतके काही टाकून दोनच आकडे ठेवले, तर गोष्ट कळते. हेच दोन आकडे चुकीचे निवडले असते, तर गोष्ट तितकीच सरळ वाटली असती आणि विज्ञान मात्र खोटे पडले असते. प्रेक्षकाला टाकलेले तुकडे दिसत नाहीत. विद्यार्थ्यालाही, तासाच्या पंचेचाळीस मिनिटांत न बसल्यामुळे शिक्षकाने वगळलेला भाग दिसत नाही. धडा शिकवताना आपणही रोज कात्री चालवतो. कोठे थांबायचे हे ठरवून मागे जावे, पुन्हा एकदा पाहावे आणि त्याच जागी थांबावेसे वाटते का ते तपासावे, ही मर्च यांची रीत आपल्यालाही उपयोगी पडावी.